खेळाडू मैदान सोडून जाऊ नये म्हणून : क्रीडा मंडळांसाठी एलजीबीटी समावेशाची कार्यपद्धती

कबड्डीच्या कुमार गटाला वजनाची मर्यादा असते, त्यामुळे स्पर्धेच्या दिवशी सकाळी मैदानाच्या कडेला वजनकाटा मांडलेला असतो आणि मुले अंगावरचे कपडे कमी करून सर्वांच्या देखत रांगेत उभी राहतात. काही वर्षांपूर्वी अशाच एका रांगेत आमच्या मंडळाचा डावा कोपरारक्षक टी-शर्ट काढायला तयार होईना. मागून कुणीतरी म्हणाले, "लाजतोय बघ कसा, पोरीसारखा." रांग हसली आणि तिच्याबरोबर मीही हसलो. तो मुलगा त्या दिवशी दोन्ही सामने खेळला, संध्याकाळी माझ्याजवळ येऊन "सर, मी एसटीने जातो घरी" एवढेच म्हणाला आणि पुन्हा सरावाला आला नाही. तो समलिंगी आहे, संघात त्याच्यावर वर्षभर शेरेबाजी होत होती आणि त्या सकाळी माझे हसणे पाहून त्याने मनातल्या मनात निर्णय घेतला होता, हे मला तीन वर्षांनी त्याच्याच तोंडून कळले.

क्रीडा मंडळे, तालमी, क्लब आणि शाळांचे क्रीडाशिक्षक यांच्यासाठी हा लेख लिहिताना तोच मुलगा डोळ्यासमोर आहे. एलजीबीटी, म्हणजे समलिंगी, उभयलैंगिक आणि ट्रान्सजेंडर व्यक्तींचा समावेश म्हटले की आपल्याला इंद्रधनुषी झेंडा आणि परदेशातल्या मोठ्या लीग आठवतात. प्रत्यक्षात एखादा खेळाडू टिकतो की निघून जातो, हे वजनकाटा, कपडे बदलायची खोली, मुक्कामाच्या सतरंज्या आणि प्रशिक्षकाच्या तोंडची भाषा यांवर ठरते. या सर्व गोष्टी मंडळाच्या हातातल्या आहेत आणि त्यांपैकी बहुतेकांना पैसा लागत नाही.

पहिली पायरी : शब्दांचा अर्थ नीट समजून घेणे

प्रशिक्षक, व्यवस्थापक आणि कार्यकारिणीचे सभासद यांनी एकदा एकत्र बसून तीन गोष्टींतला फरक समजून घ्यावा, कारण मैदानावरचे निम्मे गैरसमज त्यांची गल्लत केल्याने होतात. लैंगिक कल म्हणजे आकर्षण कुणाविषयी वाटते ते. समलिंगी मुलगा हा मुलगाच असतो, तो मुलांच्याच गटात खेळतो आणि त्याच्या पात्रतेचा प्रश्न कधीही उद्भवत नाही. लिंगओळख म्हणजे माणूस स्वतःला स्त्री, पुरुष किंवा अन्य काय मानतो ते. जन्माच्या वेळी नोंदवलेल्या लिंगाशी ही ओळख जुळत नसलेल्या व्यक्तीला ट्रान्सजेंडर किंवा पारलिंगी म्हणतात. तृतीयपंथी हा शब्द अनेक जण स्वतःसाठी अभिमानाने वापरतात, तर अनेकांना तो नको असतो, म्हणून ज्याचे त्याला विचारावे. इंटरसेक्स व्यक्तींच्या शरीराची जडणघडणच जन्मतः स्त्री-पुरुष या ठरावीक साच्यात न बसणारी असते आणि पुष्कळदा हे त्यांना स्वतःलाही ठाऊक नसते.

समलैंगिकता हा आजार आहे का, असा प्रश्न बैठकीत हमखास येतो. जागतिक आरोग्य संघटनेने १९९० साली समलैंगिकता आजारांच्या यादीतून काढली, भारतीय मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेनेही २०१८ साली ती आजार नसल्याचे जाहीरपणे सांगितले आणि ती 'बरी' करण्याचे उपचार हे डॉक्टरांसाठी व्यावसायिक गैरवर्तन ठरवण्यात आले. ही माहिती प्रशिक्षकाच्या तोंडपाठ असावी, कारण पुढे पालकांशी बोलताना तिचीच गरज पडते.

दुसरी पायरी : कार्यकारिणीचा ठराव

ठराव छोटा असावा. लैंगिक कल, लिंगओळख किंवा शरीराची जडणघडण या कारणांवरून मंडळात कुणालाही प्रवेश, सराव, निवड किंवा पद नाकारले जाणार नाही आणि या कारणांवरून केलेली शेरेबाजी शिस्तभंग मानली जाईल, एवढी दोन वाक्ये पुरेत. विरोध झालाच तर कायद्याची बाजू स्पष्ट आहे. सर्वोच्च न्यायालयाने १५ एप्रिल २०१४ रोजी ट्रान्सजेंडर व्यक्तींचे मूलभूत हक्क मान्य केले, ६ सप्टेंबर २०१८ रोजी प्रौढांमधील संमतीचे समलिंगी संबंध भारतीय दंड संहितेच्या कलम ३७७ च्या कक्षेतून बाहेर काढले आणि संसदेने २०१९ साली ट्रान्सजेंडर व्यक्तींविरुद्धच्या भेदभावाला मनाई करणारा कायदा केला. ठराव सूचनाफलकावर लावावा. कपाटातल्या इतिवृत्तात राहिलेल्या ठरावाचा खेळाडूला काहीही उपयोग नसतो.

तिसरी पायरी : नोंदणी आणि कागदपत्रे

प्रवेश अर्जात कागदपत्रावरचे नाव आणि 'मैदानावर हाक मारायचे नाव' असे दोन वेगळे रकाने ठेवावेत. या दुसऱ्या रकान्याचे कुणालाही नवल वाटत नाही, कारण आपल्याकडे निम्म्या खेळाडूंना टोपणनावानेच हाक मारतात. मात्र जिच्या आधार कार्डावर मुलाचे नाव आहे, त्या ट्रान्स मुलीला हा रकाना फार मोठा आधार देतो. केवळ सरावाला येणाऱ्याकडून लिंगाचा पुरावा मागू नये. ट्रान्सजेंडर व्यक्तीला जिल्हा दंडाधिकाऱ्यांकडून ओळख प्रमाणपत्र मिळण्याची सोय २०१९ च्या कायद्यात आहे, पण संध्याकाळी सहा वाजता मैदानावर धावायला त्याची गरज नाही.

एक सवय मात्र लगेच मोडायला हवी. स्पर्धेची प्रवेशिका भरायची घाई असते आणि व्यवस्थापक व्हॉट्सअॅप गटावर लिहितो, "सगळ्यांनी आधार आणि जन्मदाखल्याचा फोटो टाका." दहा मिनिटांत संपूर्ण संघाची कागदपत्रे चाळीस मोबाइलमध्ये जाऊन बसतात. ज्याचे नाव किंवा लिंग कागदावर वेगळे आहे, त्याचे गुपित त्याच क्षणी फुटते. कागदपत्रे एकाच जबाबदार व्यक्तीकडे, वैयक्तिक निरोपाने घ्यावीत आणि प्रवेशिका भरून झाली की मोबाइलमधून काढून टाकावीत.

चौथी पायरी : मैदानावरची भाषा

"बांगड्या भर", "बायल्यासारखा काय पळतोस", "हातात जोर नाही तर साडी नेस" ही वाक्ये आपल्या मैदानांवर इतकी रुळली आहेत की बोलणाऱ्याला त्यांत काही गैर आहे असे वाटतच नाही. बोलणाऱ्याचा हेतू खेळाडूला चेतवण्याचा असतो, हे मी मान्य करतो, कारण मीही तशीच भाषा वापरून प्रशिक्षण दिले आहे. पण पंधरा वर्षांचा जो मुलगा स्वतःविषयी काहीतरी समजून घ्यायच्या धडपडीत असतो, त्याला त्या वाक्यातून एकच गोष्ट ऐकू येते : आपण जे आहोत ते या मैदानावर सर्वांत हलके मानले जाते. आमच्या संघात सहा क्रमांकाची जर्सी कुणी घेत नसे. ती ज्याच्या वाट्याला येई त्याला हंगामभर 'छक्का' म्हणून चिडवले जाई, म्हणून नवीन मुलाच्या गळ्यात ती मारली जाई. ही गोष्ट प्रशिक्षकांना ठाऊक होती आणि आम्ही ती पोरांची गंमत समजत होतो.

यावर काम करायचे तर सुरुवात प्रशिक्षकाने स्वतःपासून करावी. एक महिना सहप्रशिक्षकाला आपल्या सूचना ऐकायला सांगावे आणि सरावानंतर त्याच्याकडून टोकलेली वाक्ये वहीत लिहून घ्यावीत. मग प्रत्येक टोमण्याच्या जागी खेळाची नेमकी सूचना ठेवावी. "बायल्यासारखी पकड काय करतोस" या वाक्यातून खेळाडू काहीच शिकत नाही. "घोटा धरताना तुझा खांदा मागे राहतोय, आधी पाय पुढे टाक" या वाक्यातून तो पकड शिकतो. हा बदल केल्यावर प्रशिक्षण सुधारते, हा माझा स्वतःचा अनुभव आहे.

खेळाडूंच्या तोंडची शेरेबाजी थांबवताना लांबलचक भाषण देऊ नये. सराव तिथल्या तिथे थांबवावा, "हा शब्द या मैदानावर चालत नाही" एवढेच शांतपणे सांगावे आणि सराव पुढे सुरू करावा. ज्याला उद्देशून शब्द वापरला गेला, त्याच्याकडे त्या वेळी सर्वांसमोर पाहू नये आणि त्याला "तुला वाईट वाटलं का?" असे विचारू नये, कारण त्यामुळे सर्वांची नजर त्याच्यावरच खिळते. तोच खेळाडू पुन्हा बोलला तर त्या दिवशी त्याला बाहेर बसवावे. सामन्यात प्रतिस्पर्धी संघ किंवा प्रेक्षक बोलत असतील तर संघनायकाने पंचांकडे आणि व्यवस्थापकाने आयोजकांकडे तक्रार करावी. त्याची तयारी सामन्याआधीच करून ठेवावी, कारण ऐन चढाईच्या गडबडीत ती कुणाला सुचत नाही.

पाचवी पायरी : वजन, कपडे आणि मुक्काम

वजनकाटा आडोशाला ठेवावा. आम्ही आता दोन बांबूंना एक चादर बांधतो आणि आत एका वेळी एकच खेळाडू व नोंद घेणारा एवढेच जातात. बनियन-शॉर्ट्सवर वजन केल्याने क्वचित शंभर-दोनशे ग्रॅमचा फरक पडतो, तो आदल्या आठवड्यातच लक्षात घ्यावा. या चादरीचा फायदा केवळ समलिंगी किंवा ट्रान्स मुलांना झालेला नाही. अंगावर कोड असलेला, पाठीवर भाजल्याची खूण असलेला आणि घरी मार खाऊन आलेला, असे तिघेही त्या आडोशाला मोकळेपणाने उभे राहिले.

कपडे बदलायला एक तरी दाराला कडी असलेली जागा असावी आणि ती कुणालाही, कारण न सांगता वापरता यावी. 'ट्रान्स खेळाडूंसाठी' अशी पाटी लावून वेगळी खोली केली, तर त्या खोलीकडे जाणे हीच जाहीर घोषणा होते. घरून किट घालूनच येण्याची मुभाही सर्वांना द्यावी.

मुक्कामाच्या स्पर्धेत संघाला बहुधा शाळेचा एखादा वर्ग मिळतो, बाके भिंतीला लावून सतरंज्या अंथरल्या जातात आणि अंघोळ अंगणातल्या नळावर होते. शेरेबाजी आणि अंगचटीला येण्याचे प्रकार सर्वांत जास्त घडतात ते दिवे मालवल्यानंतर. म्हणून कोण कुणाशेजारी झोपणार हे खेळाडूंना आधी खासगीत विचारून ठरवावे, प्रौढ व्यवस्थापकांनी दोघांनी मिळून देखरेख ठेवावी आणि एकट्या प्रौढाने एकट्या अल्पवयीन खेळाडूबरोबर एका खोलीत राहू नये. आंघोळीसाठी वेळा वाटून द्याव्यात.

सहावी पायरी : खेळाडू सांगतो तेव्हा

सरावानंतर मॅट गुंडाळताना, परतीच्या एसटीत किंवा रात्री उशिरा आलेल्या एका ओळीच्या निरोपातून खेळाडू सांगतो. त्याला मध्येच तोडू नये, "खात्री आहे का?" किंवा "वय आहे, जाईल" असे म्हणू नये. "तू मला सांगितलंस, बरं वाटलं. हे आणखी कुणाला माहीत आहे? मी कुणाला सांगणार नाही" ही तीन वाक्ये पहिल्या दिवशी पुरेशी आहेत. त्यानंतर त्याची जागा, त्याचा सराव आणि त्याच्याशी बोलण्याची पद्धत यांत काहीही बदल करू नये. अचानक जास्त प्रेमाने वागणारा प्रशिक्षकही संघाच्या नजरेत भरतो.

गुप्ततेचा नियम कडक आहे : सहप्रशिक्षकाला नाही, कार्यकारिणीला नाही, पालकांना तर मुळीच नाही. अपवाद फक्त जिवाला धोका असेल किंवा लैंगिक अत्याचार झालेला असेल तेव्हाचा. अठरा वर्षांखालील मुलावर लैंगिक अत्याचार झाल्याचे कळल्यास पोक्सो कायद्याने पोलिसांना कळवणे बंधनकारक आहे आणि न कळवणे हा गुन्हा आहे. मात्र मुलाने केवळ आपला कल किंवा ओळख सांगितली, तर ती कुठेही कळवण्याची बाब नाही, हा फरक प्रत्येक प्रशिक्षकाला पक्का माहीत हवा. मुलगा खचलेला दिसला तर टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य सेवेचा १४४१६ आणि मुलांसाठीच्या मदतसेवेचा १०९८ हे क्रमांक त्याला द्यावेत. मुंबईतील हमसफर ट्रस्ट १९९४ पासून या क्षेत्रात काम करत आहे आणि पुण्यातील समपथिक ट्रस्टनेही २००२ पासून या क्षेत्रात काम केले आहे. मराठीतून बोलता येईल अशी माणसे तिथे भेटतात.

एकाच संघातल्या दोन प्रौढ खेळाडूंचे नाते असेल तर संघ बिघडेल, अशी भीती काही प्रशिक्षक बोलून दाखवतात. दक्षिण आफ्रिकेच्या महिला क्रिकेट संघाची तेव्हाची कर्णधार डेन व्हॅन निकर्क आणि तिची सहकारी मरिझान कॅप यांनी २०१८ साली लग्न केले आणि त्यानंतरही त्या एकाच संघातून देशासाठी खेळल्या. नात्याविषयी मंडळाचा जो नियम मुलगा-मुलीला लागू असेल, तोच इथे लावावा. प्रशिक्षकाने मात्र आपल्या खेळाडूशी असे नाते ठेवू नये, मग ते कोणत्याही लिंगाचे असोत.

सातवी पायरी : पालकांशी बोलणे

हे बोलणे खेळाडूने स्वतः मागितले तरच करावे आणि त्याच्या उपस्थितीत करावे. भारताची धावपटू द्युती चंद हिने मे २०१९ मध्ये आपल्या समलिंगी नात्याविषयी जाहीरपणे सांगितले, तेव्हा घरातून तीव्र विरोध झाला. पुढच्याच जुलै महिन्यात नेपल्सच्या जागतिक विद्यापीठ स्पर्धेत तिने १०० मीटर शर्यत ११.३२ सेकंदांत जिंकली. पालकांना हे उदाहरण सांगावे, पण सुवर्णपदकाची अट म्हणून नव्हे. साधारण खेळणाऱ्या मुलालाही घरात आणि मैदानावर तेवढीच जागा हवी आहे. "खेळामुळे असं झालं" असे आई-वडील म्हणतात, विशेषतः केस कापलेल्या आणि शॉर्ट्स घालणाऱ्या मुलींच्या बाबतीत. खेळामुळे कुणाचा कल बदलत नाही, हे त्यांना शांतपणे आणि पुन्हापुन्हा सांगावे लागते. सराव बंद केला तर मुलीचा एकुलता एक आधार तुटतो, हेही सांगावे लागते.

आठवी पायरी : स्पर्धेतील पात्रता

इथे सर्वांत जास्त काळजी घ्यावी लागते, कारण आपल्या देशाने या बाबतीत खेळाडूंना फार दुखावले आहे. तामिळनाडूच्या शांती सौंदराजन यांनी २००६ च्या दोहा आशियाई स्पर्धेत ८०० मीटरमध्ये रौप्यपदक मिळवले आणि लिंगचाचणीनंतर ते काढून घेण्यात आले. जी माहिती डॉक्टर आणि खेळाडू यांच्यात राहायला हवी होती, ती देशभर बातमी झाली. पुढे त्यांना वीटभट्टीवर मजुरी करावी लागली. द्युती चंदला २०१४ साली शरीरातील टेस्टोस्टेरॉन या संप्रेरकाच्या प्रमाणाविषयीच्या नियमावरून ग्लासगो राष्ट्रकुल स्पर्धेच्या संघातून वगळण्यात आले. तिने क्रीडा लवादाकडे दाद मागितली आणि जुलै २०१५ मध्ये लवादाने तो नियम स्थगित केला. २०१८ च्या जाकार्ता आशियाई स्पर्धेत तिने १०० आणि २०० मीटर अशी दोन रौप्यपदके मिळवली.

त्यानंतर आंतरराष्ट्रीय नियम अधिक कडक झाले आहेत. जागतिक अॅथलेटिक्स संघटनेने ३१ मार्च २०२३ पासून, पुरुषी यौवनावस्थेतून गेलेल्या ट्रान्स महिलांना महिलांच्या मानांकन स्पर्धांतून वगळले आणि १ सप्टेंबर २०२५ पासून या स्पर्धांतील महिला गटासाठी आयुष्यात एकदा करायची जनुकीय चाचणी लागू केली. आंतरराष्ट्रीय क्रिकेट परिषदेने नोव्हेंबर २०२३ मध्ये आंतरराष्ट्रीय महिला क्रिकेटसाठी तसाच नियम केला, मात्र देशांतर्गत क्रिकेटचा निर्णय त्या त्या मंडळावर सोडला. या नियमांविषयी मतभेद आहेत. महिला गटात स्पर्धा न्याय्य राहावी, ही खेळाडू मुलींची अपेक्षा रास्त आहे आणि तिला प्रतिगामी म्हणून झटकून टाकू नये, असे माझे मत आहे. पण हे नियम सर्वोच्च पातळीसाठी बनले आहेत. तालुक्याच्या मैदानावर एखाद्या उंच, भरड्या आवाजाच्या, दाट केसांच्या मुलीकडे बोट दाखवून "ही मुलगी आहे कशावरून?" असे विचारण्याचा अधिकार त्यांतून कुणालाही मिळत नाही.

म्हणून पद्धत अशी ठेवावी. सराव आणि मंडळांतर्गत सामने सर्वांना खुले ठेवावेत आणि शक्य तिथे मिश्र संघ करावेत. संघटनेच्या अधिकृत स्पर्धेआधी, खेळाडूचे नाव न घेता, नियम लेखी मागवावा आणि तो खेळाडूला प्रवेशिका भरण्याआधी खासगीत समजावून सांगावा, म्हणजे मैदानावर पोहोचल्यावर अपमान होणार नाही. प्रतिस्पर्धी संघाने मुलीच्या लिंगाविषयी आक्षेप घेतला तर व्यवस्थापकाने कागदपत्रे फक्त स्पर्धाप्रमुखांना दाखवावीत, आक्षेप लेखी मागावा आणि कोणत्याही परिस्थितीत शारीरिक तपासणी होऊ देऊ नये. गरज पडल्यास संघ मैदानाबाहेर काढावा. एक सामना गेला तरी चालेल.

जिथे अधिकृत दार बंद आहे, तिथे दुसरे दार उघडता येते. केरळच्या राज्य क्रीडा परिषदेने एप्रिल २०१७ मध्ये तिरुवनंतपुरमला ट्रान्सजेंडर खेळाडूंची स्पर्धा घेतली आणि मणिपूरमध्ये या-ऑल या संस्थेने २०२० साली ट्रान्स खेळाडूंचा फुटबॉल संघ उभा केला. आपल्या जिल्ह्यात गणेशोत्सव, शिवजयंतीच्या निमित्ताने कितीतरी खुल्या स्पर्धा भरतात; त्यांच्या आयोजकांना एक मिश्र किंवा खुला गट ठेवायला सांगणे मंडळाला सहज जमण्यासारखे आहे.

नववी पायरी : तक्रार

तक्रार ऐकायला दोन व्यक्ती नेमाव्यात, त्यांपैकी एक स्त्री आणि एक मंडळाबाहेरची असावी, आणि त्यांचे क्रमांक फलकावर लिहावेत. कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यात क्रीडासंस्था, क्रीडासंकुल आणि स्पर्धेचे ठिकाण यांचाही समावेश आहे. दहा किंवा अधिक कर्मचारी असतील तर अंतर्गत समिती लागते. नसतील तर महिला खेळाडूला जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जाता येते. हा कायदा स्त्रियांच्या तक्रारींसाठी आहे, त्यामुळे मुलांच्या तक्रारींसाठी मंडळाची स्वतःची व्यवस्था अधिकच आवश्यक ठरते.

दहावी पायरी : गेलेल्यांना फोन करणे

हंगाम संपला की हजेरीपट उघडावा आणि मध्येच थांबलेल्या प्रत्येक नावापुढे कारण लिहिण्याचा प्रयत्न करावा. "अभ्यास", "घरची अडचण" अशी कारणे झटकन लिहिली जातात. ज्याच्यापुढे काहीच लिहिता येत नाही, त्याला फोन करावा. कल किंवा ओळख विचारू नये. "तू यायचा थांबलास, तेव्हा मैदानावर काही झालं होतं का? आम्ही काय बदलायला हवं होतं?" एवढेच विचारावे आणि ऐकून घ्यावे. आमचा कोपरारक्षक परत खेळायला आला नाही. आता तो दुसऱ्या शहरात नोकरी करतो आणि रविवारी पोहायला जातो. वजनकाट्याभोवती चादर बांधायची कल्पना त्याची आहे आणि सहा क्रमांकाच्या जर्सीचे कायमस्वरूपी काय करायचे हेही त्यानेच सुचवले : ती दरवर्षी संघनायकाने घालावी. गेले दोन हंगाम ती संघनायकाच्याच अंगावर आहे.